बायचे आतले भाडोत्री

भाड्याचे पैसे पाच तारखेपर्यंत आणि कागद दहा तारखेपर्यंत, अशी अट घालणारी घरमालकीण मला आयुष्यात एकदाच भेटली. नालासोपाऱ्याच्या पश्चिमेला, गास नावाच्या गावात, केळीच्या वाडीतल्या एका बैठ्या घराच्या मागच्या दोन खोल्या आम्ही बघायला गेलो होतो. मी मूळची राजापूरकडची. नवऱ्याची नोकरी मुंबईत आणि माझी सातिवलीच्या एका प्लास्टिकच्या कारखान्यात, हिशेबाच्या टेबलावर. घर दोघांनाही सारखेच गैरसोयीचे होते, त्यामुळे भांडणाला जागा नव्हती.

"कसला कागद?" मी विचारले. मला वाटले भाडेकरार वगैरे असेल.

"हातानं लिवलेला," ती म्हणाली. "एक पान. काय लिवायचं ते तुजं तू बघ, पन खरं लिव. मी वाचनार नाय. मला वाचताच येत नाय."

"मग वाचणार कोण?"

तिने अंगठ्याने मागच्या अंगणाकडे खूण केली. "आतले भाडोत्री."

फाटकाबाहेर आल्यावर नवरा म्हणाला, "बाई ठार वेडी आहे, पण पाणी चोवीस तास आहे." वसई-विरारमध्ये घर शोधलेल्या माणसाला यापुढे काही सांगायला नको. आम्ही दुसऱ्या दिवशी सामान हलवले.

सत्तरी ओलांडलेली, उंच, लाल लुगडे नेसणारी, आणि कुठेही निघाली की कोणीतरी हाक मारल्यासारखी चालणारी अशी ती बाई. अख्खे गाव तिला बाय म्हणे. मी पहिल्या दिवशी अहो-जाहो केले तर ती मागे वळून बघू लागली, आणखी कोण आलेय म्हणून. मग मीही बाय म्हणू लागले आणि अरे-तुरेवर आले. घरात, शेजाऱ्यांशी ती त्यांच्या गावच्या बोलीत बोलायची, त्यातले मला निम्मे कळत नसे. माझ्यासाठी तिने एक वेगळे मराठी ठेवले होते, पाहुण्यांच्या कपबशांसारखे.

आतले भाडोत्री राहत होते डोणीत. डोणी म्हणजे विहिरीला लागून असलेले दगडाचे लांबट भांडे. पूर्वी रहाटाने वर आलेले पाणी तिच्यात पडायचे आणि तिथून पाटाने केळींना जायचे. रहाट गेले, पंप आले, पंपांनी पाणी ओढून ओढून विहीर खारी केली. त्या खाऱ्या पाण्याचा कोणाला उपयोग नाही म्हणून ते डोणीत पडून राहू लागले. एकदा बायने नवऱ्याचा सदरा त्यात भिजत घातला. खिशात लिहिलेला कागद राहिला होता. सकाळी बघते तर कागद कोराकरकरीत आणि डोणीच्या आतल्या काठावर मिठासारख्या खड्यांची रांग उभी.

"काय लिहिलं होतं त्यावर?" मी विचारले.

"मला काय ठावं? पन ते गेल्याचं त्याला लई वाईट वाटलं. दोन दिवस बोलला नाय. म्हंजे काय तरी खरंच असंल."

नवरा पुढे वारला. खडे राहिले. तिच्या म्हणण्याप्रमाणे ते जिवंत होते, लिहिलेल्यावर जगत होते, आणि त्यांना उपाशी ठेवणे हे गाय दावणीला बांधून उपाशी ठेवण्याइतकेच पाप होते.

मी हिशेबाची बाई. खारे पाणी आटले की मीठ धरणार, शाई पाण्यात गेली की फुटणार, यात चमत्कार कसला? पहिल्या महिन्याला मी एक छानसे पान लिहून दिले: घर हवेशीर आहे, वाडी सुंदर आहे, मालकीणबाई प्रेमळ आहेत. बायने घडी तशीच डोणीत सोडली. दुसऱ्या दिवशी मी कामावरून आले तर माझे पान कपड्यांच्या दोरीवर चिमटा लावून वाळत घातलेले. अक्षर न् अक्षर जागेवर.

"खाल्लं नाय," बाय म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता, काळजी होती. "काय दिलं होतंस गं? परत लिव."

माझा इतका अपमान शाळेतसुद्धा झाला नव्हता. मी चिडून खोलीत गेले आणि त्याच बॉलपेनने, त्याच वहीचे पान फाडून खरे ते लिहिले. मी रोज आईला फोनवर सांगते की मी इथे रमले आहे, आणि मी अजिबात रमलेली नाही. सातिवलीच्या त्या पत्र्याच्या शेडमधल्या कारखान्यात दिवसभर माझ्याशी कोणी एक शब्द बोलत नाही. असे बरेच काही. लिहिता लिहिता पान पुरेना. या वेळी मी स्वतः पान पाण्यावर सोडले आणि तिथेच उभी राहिले.

जे पाहिले ते सांगते. शाई फुटली नाही. पाणी निळे झाले नाही. आधी वेलांट्या आणि मात्रा निघाल्या, मग अक्षरांची अंगे, खालून वर. शेवटी नुसत्या डोक्यावरच्या रेघा राहिल्या, कपडे काढून घेतलेल्या दोऱ्यांसारख्या, आणि मग त्याही गेल्या. काठावरचे खडे, सुईसारखे बारीक, काचेसारखे स्वच्छ, एकेक करून माझ्या कागदाच्या बाजूला झुकले. मला घाम फुटला. भीती नव्हती ती. लहानपणी पहिल्यांदा वासरू जन्मताना पाहिले होते तेव्हा असेच झाले होते.

"जेवले," बाय म्हणाली आणि फुले वेचायला निघून गेली.

पुढे मी सगळे करून पाहिले. पेन्सिलने लिहिलेले जाते. लग्नपत्रिका, वर्तमानपत्र, छापलेले काहीही तसेच राहते. ("छापलेलं त्यांना शिलं लागतं.") शेजारची सून इंग्रजी शाळेत शिकवायची, ती इंग्रजीत लिहायची, तेही जायचे. मोबाईलवर लिहिलेल्याचे काय, असे मी एकदा विचारले, तर बायने माझ्याकडे असे बघितले की जणू मी फोटोतल्या भाकरीबद्दल विचारत होते.

गावातले बरेच लोक कागद आणून देत. आधी मला वाटायचे, म्हातारीचे मन राखतात. मग लक्षात आले की ते आपली सोय बघत होते. कोणाला सांगता येत नाही असे प्रत्येकाकडे पानभर तरी असतेच, आणि बायला वाचता येत नाही हे सगळ्यांना ठाऊक होते. बायचे घर ख्रिस्ती, म्हणून एकदा घराला आशीर्वाद द्यायला चर्चचे नवे, तरुण फादर आले होते. डोणीपाशी बराच वेळ थांबले, हसले, मग खिशातून पेन काढले आणि ओटीवर बसून पान भरून लिहिले. पाण्यात सोडले, अक्षरे जाताना पाहिली. जाताना ते हसत नव्हते. बायच्या डोक्यावर हात ठेवायचा तो ठेवलाच, पण त्याआधी स्वतःचे डोके थोडे वाकवले.

तिच्या सवयींबद्दल लिहायचे तर रात्र पुरणार नाही. जेवायला बसली की आधी क्रूस करायची, मग डोणीकडे बघून "तुमचं झालं का?" विचारायची. कोणाच्या घरी भांडण झाल्याचे कळले की सांत्वनाला जायची आणि येताना दोन कोरे कागद ठेवून यायची. वाडीतला सोनचाफा दादरला विकायला जाई, त्यातली चार फुले ती डोणीवर ठेवी, पण "खायला नाय, वासाला" असे बजावून. डोणीवर पत्र्याचे छप्पर होते. पावसाळ्यात त्यावर ताडपत्री, ताडपत्रीवर नवऱ्याचा जुना रेनकोट.

"ते खातात म्हंजे मोडत नाय," ती मला एकदा म्हणाली. "ठेवतात. दगड झिजतो, कागदाला वालवी लागते. त्यांच्यात गेलं ते कोन पुसनार? पन ते जगले पायजेत. ते मेले का सगलं मेलं."

एवढा जीव ती त्यांच्यात का अडकवून बसली होती, ते मला नोव्हेंबरात कळले. मृतांच्या दिवसाआधी इथली घरे कबरी धुतात, दगडांवरच्या कोरलेल्या अक्षरांत नव्याने काळा रंग भरतात. बाय मला बरोबर घेऊन गेली. नवऱ्याच्या दगडावर ती स्वतः रंग भरत होती, ब्रश खाचेत धरून खाच नेईल तिकडे, काय लिहिले आहे ते न कळता. वर्षानुवर्षे भरलेली नक्षी असावी तसे. रंग झाला, मेणबत्त्या लागल्या, आणि मग उरलेली सगळी सोनचाफ्याची फुले ओच्यात घेऊन ती कुंपणाच्या भिंतीकडे गेली. तिथे काही नव्हते. गवत, आणि भिंतीची ओल. तिने फुले तिथे ठेवली.

परत येताना वाटेत तिने सांगितले, अगदी बाजारहाट सांगावी तसे. एक मूल झाले होते. एक रात्र जगले. बाप्तिस्म्याचे पाणी लागायच्या आत गेले. तेव्हा अशा मुलांना भिंतीकडेला पुरत. चर्चच्या वहीत नाव नाही, दगड नाही. पुन्हा मूल झाले नाही.

"नाव ठेवलं होतंस?"

"ठेवलं होतं. माज्या मनात. कोनाला नाय सांगितलं, नवऱ्याला पन नाय." थोडी चालली. "ते कुठंतरी लिवलेलं पायजे गं, पोरी. येकदा. मी गेले का ते नाव पन जाईल. मंग ते पोर झालंच नवतं असं होईल."

मी म्हटले, मला सांग, मी लिहून देते, डोणीत सोडू. ती थांबली. "दुसऱ्यानं लिवलं तर ते दुसऱ्याचं," ती म्हणाली. आणि मग, मी सातिवलीहून दमून आलेली असताना एका संध्याकाळी, ओटीवर येऊन बसली. "मला अक्षरं शिकव. सगली. कोनची पायजेत ते मी नाय सांगनार."

अख्खी बाराखडी शिकायची होती तिला, केवळ मला कळू नये की त्यातले तिला काय हवे आहे. सत्तरी ओलांडलेल्या बाईने. माझ्या डोळ्यांत पाणी आले आणि लगेच हिशेबी डोके जागे झाले.

"बाय, तू वाचायला शिकलीस तर लोक तुला कागद देतील का?"

"त्याचाच तर घोर हाय," ती म्हणाली. "म्हनून तर येवडी वर्षं काडली. नाव द्यायचं तर लिवायला शिकायला पायजे. शिकले का लोक थांबनार. लोक थांबले का हे उपाशी. नाव दिलं आनि हे मेले, तर त्याला दुसऱ्यांदा पुरल्यासारखं होईल." मग डोळ्यांपुढे बोटे नाचवून म्हणाली, "पन आता दिसत नाय नीट. आता नाय तर कदी?"

तिने कागदावर गिरवायला साफ नकार दिला. भाडोत्र्यांना वास लागेल आणि त्यांना वाटेल जेवण आले. म्हणून केळीच्या पानावर, बाभळीच्या काट्याने. ओरखडा आधी दिसतच नसे, थोड्या वेळाने तपकिरी होऊन वर येई. तोपर्यंत ती पुढच्या अक्षरावर गेलेली असे आणि मागची चूक उशिरा दिसल्यामुळे काट्याला शिव्या देई. नवऱ्याच्या दगडावरची अक्षरे तिच्या हाताला आधीच येत होती. तिला नवल एवढेच वाटले की त्यांना आवाजही असतो. "हा यो व्हय," ती म्हणाली आणि नवऱ्याच्या नावातले पहिले अक्षर बराच वेळ पुटपुटत राहिली. नाकावर जाड भिंगाचा चष्मा, तांदूळ निवडायला घेतलेला. त्याशिवाय तिला जवळचे काही दिसत नसे.

गावात अशी गोष्ट लपत नाही. शेजारच्या सुनेने आधी कागद देणे थांबवले. भेटली की गोड बोलायची, पण कागद नाही. मग बाकीचे थांबले. एक जण मला वाडीच्या तोंडाशी म्हणाला, "बाय चांगलीच आहे हो. पण वाचता आलं की माणूस वाचतोच." खरे तर मीही वाचले असते.

भाडोत्री पांढरे पडू लागले. काचेसारखे खडे होते ते पिठासारखे झाले, हात लावला तर बोटाला भुकटी लागे. मी रोज लिहू लागले, नवऱ्यालाही बसवले, पण एका बिऱ्हाडाने रोज खरे लिहायचे तरी किती? आठवडाभरात आमच्यातली निम्मी भांडणे कागदावर संपली. बाय आता स्वतः कागदावर बाराखडी लिहून डोणीत सोडायची आणि पान जसेच्या तसे दोरीवर यायचे. "त्यात कायच नाय ना," ती म्हणायची. तिच्याकडे द्यायला खरे असे एकच होते आणि ते मरणाऱ्यांच्या हवाली करायची तिची तयारी नव्हती. त्या दिवसांत ती जेवताना डोणीकडे बघत नसे.

रविवारी मिस्सा सुटल्यावर चर्चच्या पायऱ्यांवर सगळे गाव गप्पा मारत उभे असते. मी धर्माने हिंदू, पण बायला आताशा पायऱ्या उतरताना हात लागायचा म्हणून फाटकाशी थांबले होते. बाय बाहेर आली, थेट शेजारच्या सुनेसमोर गेली आणि स्वतःच्या नाकावरचा चष्मा काढून तिच्या हातात ठेवला.

"ह्यो तुज्याकडं ठेव," ती म्हणाली. "कागद देशील तवा पान्यात जाईस्तवर ऱ्हाऊ दे. अक्षरं गेली का मंग आनून दे. माजे दुसरे डोले नाय, तुला ठावं हाय."

सून चष्मा परत पुढे करू लागली. आजूबाजूचे वळून बघू लागले. "बाय, अगं पण तुला तांदूळ..." ती म्हणाली.

"खडे चावीन," बाय म्हणाली आणि माझा हात धरून चालायला लागली.

दुसऱ्या दिवशी सून आली. एका हातात चष्मा, एका हातात कागद. कागद तिने स्वतः पाण्यात सोडला आणि कोरा झाल्यावर चष्मा दिला. तिसऱ्या दिवशी चष्मा न्यायला दुसरे कोणी आले. मग तशी रीतच पडली. ज्याला लिहायचे असेल तो आधी चष्मा घरी घेऊन जाई. कधी चष्मा गावाच्या पार दुसऱ्या टोकाला असे आणि बाय अंगणात चाचपडत फुले वेचत असे. वयाच्या त्या टप्प्यावर ती वाचायला शिकली होती आणि वाचनावर पाणी सोडून बसली होती. एसटीच्या पाटीवरचे गावाचे नाव तिने एकदा वाचले, तेवढेच. त्याचे मात्र तिने गावभर सांगितले.

खड्यांवरचे पीठ झडले. आत ते पुन्हा काच होते. काठ पुरेना म्हणून ते डोणीच्या तळाशी उतरले. एका दुपारी उन्हाची तिरीप पत्र्याखाली आली तेव्हा आतल्या बाजूला इतकी चमक होती की मी डोळ्यांवर हात धरला. माझा नवरा, पाण्यासाठी घर घेतलेला माणूस, चपला काढून उभा राहिला होता. का काढल्या, त्याला विचारले तर सांगता आले नाही.

त्याच दुपारी बायने माझ्याकडून कागद मागितला. "आज दिवस बरा हाय," ती म्हणाली. "भरलेल्या घरात जायचं."

"चष्मा नाहीये घरात. घेऊन येऊ?"

"नको. कोनाचं तरी लिवून होत असंल." मग म्हणाली, "तिकडं तोंड कर."

मी केळींकडे तोंड करून उभी राहिले. मागे पेनाचा आवाज येत होता, हळू, थांबत थांबत. न बघता लिहीत होती ती, हाताच्या आठवणीवर, दगडातल्या खाचांवर ब्रश चालावा तशी. कागदाची घडी घातल्याचा आवाज आला, पाण्याचा आला नाही, इतका अलगद तिने तो सोडला असावा. बऱ्याच वेळाने ती म्हणाली, "वळ आता."

कागद दोरीवर होता, कोरा. ती डोणीच्या कडेला दोन्ही हात टेकून उभी होती आणि तिचे डोळे पाण्यावर होते, पण मला माहीत होते की तिला तिथे नुसता उजेड दिसतो आहे.

"नवा कोन आला का गं?"

मी वाकले. तळाशी, सगळ्यांच्या मधोमध, मघाशी नव्हता असा एक खडा होता. तांदळाच्या कणीएवढा. इतका स्वच्छ की आधी पाणीच वाटला.

"आलाय," मी म्हटले. 

"कसा हाय?"

"लहान आहे. स्वच्छ आहे. उभा आहे."

 मग तिने विचारले, "येकटाच हाय का?"

"नाही, बाय. सगळे त्याच्या बाजूला झुकलेत. चारी बाजूंनी."

"मंग बरं हाय," ती म्हणाली. लुगड्याच्या पदराने तोंड पुसले आणि दोरीवरचा कागद चाचपून काढून माझ्या हातात दिला, पुढच्या महिन्याचे मी त्यावर लिहावे म्हणून.